पाट्या पडायच्या आत

गेल्या श्रावणातल्या एका शनिवारी रात्री आमच्या पुण्याच्या घरात टीव्हीसमोर नऊ माणसे बसली होती. एकाच पडद्याकडे एकाच वेळी नऊ माणसांनी पाहणे हा प्रसंग क्रिकेटचा अंतिम सामना सोडला तर हल्ली आमच्याकडे घडत नाही, त्यामुळे खुर्च्या कमी पडल्या आणि दोघांना सतरंजीवर बसावे लागले. ताई साताऱ्याहून मुद्दाम आली होती. निमित्त तिच्या मुलाचे, म्हणजे माझ्या भाच्याचे होते. तो ध्वनिमुद्रणाच्या क्षेत्रात आहे आणि त्याने काम केलेली आठ भागांची एक मालिका नुकतीच एका ओटीटीवर आली होती. पहिले सात भाग ज्याने त्याने आपापल्या सवडीने, कोणी बसमध्ये फोनवर तर कोणी पोळ्या लाटता लाटता, पाहून टाकले होते. आठवा मात्र एकत्र बसून पाहायचा असे ठरले, कारण रत्नागिरीकडे दुसऱ्या चित्रीकरणावर असलेल्या भाच्याने फोन करून बजावले होते, की शेवटच्या भागाच्या पाट्या संपेपर्यंत कोणी उठायचे नाही. गोष्ट संपली, खून कोणी केला ते कळले, पडदा काळा झाला आणि पांढऱ्या अक्षरांतली पहिली दोन नावे उमटली. ताईने फोनचा कॅमेरा उघडून हात वर धरला. तेवढ्यात ती काळी चौकट अंग चोरून पडद्याच्या कोपऱ्यात गेली आणि पोस्टकार्डाएवढी झाली, तिचा आवाज तुटला आणि उरलेल्या जागेवर कुठल्याशा परदेशी गुन्हेकथेचे चित्र पसरले. त्याखाली एक पट्टी भराभर भरत होती. रिमोट आईच्या शालीखाली अडकला होता. तो सापडेपर्यंत एक परदेशी पोलीस हातात बॅटरी घेऊन भुयारात उतरलासुद्धा होता.

नाव काही दिसले नाही.

अर्थात आम्ही पुन्हा मागे गेलो. दोन वेळा अंदाज चुकला, एकदा खुनाच्या प्रसंगावरच जाऊन पोचलो, आणि शेवटी ती पाटी पडद्यावर थांबवून ठेवण्यात यश आले. इंग्रजी अक्षरांत, चार जणांच्या घोळक्यात तिसरे नाव भाच्याचे होते आणि आडनावातला एक 'ए' गळला होता. ताईने फोटो काढला, काकांनी टाळ्या वाजवल्या, आईने देवापुढे साखर ठेवली. मग भाच्याला फोन लावला. त्याने उचलताच विचारले, "ऐकलं का?" ताई म्हणाली, "अरे पाहिलं की, फोटोसुद्धा काढलाय, पाठवते." पलीकडे क्षणभर काहीच ऐकू आले नाही. मग तो "बरं" म्हणाला आणि उद्या कॉल टाइम पहाटे पाचचा आहे, असे सांगून त्याने फोन ठेवला. त्या 'बरं'चा सूर माझ्या कानातून पुढचे कितीतरी दिवस गेला नाही. आनंदाच्या बातमीला माणूस असे 'बरं' म्हणत नाही.

आमच्या घरात पाट्यांना एकेकाळी फार मान होता, आणि त्याचे कारण वडील होते. ते साताऱ्यातल्या एका छापखान्यात मुद्रितशोधक होते, आणि दिवसभर दुसऱ्यांच्या चुका काढणाऱ्या माणसाला संध्याकाळी चित्रपटगृहातही सुट्टी घेता येत नाही. 'पाट्या पडायच्या आत जागेवर बसलं पाहिजे' हा त्यांचा नियम होता. एखाद्या वेळी रिक्षा मिळाली नाही किंवा आईची वेणी राहिली म्हणून उशीर झाला आणि पाट्या सुरू झालेल्या असल्या, तर अख्खा चित्रपट पाहूनही त्यांच्या लेखी तो पाहिलेला नसायचा. आत गेल्यावर आधी तो बिडीच्या धुराचा आणि फिनेलचा मिसळलेला वास यायचा, डोअरकीपरच्या बॅटरीचा पिवळा गोल पायाशी नाचायचा, आणि मग सेन्सॉरचे प्रमाणपत्र यायचे. त्यावर रिळांची संख्या लिहिलेली असे. ती वाचून पिटातले लोक 'सोळा! सोळा!' असे ओरडायचे, कारण सोळा रिळे म्हणजे पैसे वसूल. त्यानंतर वडील सावरून बसायचे. त्यांचे ओठ हलत. दिग्दर्शनातला 'दि' ऱ्हस्व आहे ना, वेशभूषेतला 'भू' दीर्घ आहे ना, हे सगळे ते त्या वाहत्या अक्षरांत पकडत, आणि 'सहाय्यक' अशी पाटी आली की गुडघ्यावर चापट मारत. साहाय्य करतो तो साहाय्यक, नाहीतर सरळ सहायक म्हणा, हे मधले काय काढले आहे, असा त्यांचा त्रागा असे, आणि मराठी चित्रपटसृष्टीने आयुष्यभर त्यांना ती चापट मारण्याची संधी पुरवली. आम्हाला लाज वाटायची. मात्र त्या तीन-चार मिनिटांत कोणते नाव कोणत्या कामापुढे येते, हे आम्हा दोघी बहिणींच्या नकळत डोक्यात बसले. संकलन म्हणजे काय हे ठाऊक नव्हते, पण ते कोणी केले आहे हे ठाऊक असे.

भाचा पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावरच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकला, म्हणजे शब्दशः प्रभातच्या आवारात. १९२९ साली कोल्हापुरात निघालेली प्रभात फिल्म कंपनी १९३३ मध्ये पुण्याला आली, आणि ती बंद पडल्यावर त्याच जागेत १९६० साली इन्स्टिट्यूट सुरू झाली. त्याला भेटायला गेले, की तो मला जुन्या स्टुडिओच्या प्रचंड दारांपाशी घेऊन जायचा आणि तिथे उभे राहून टाळी वाजवायला सांगायचा. आत गेल्यावर हीच टाळी कशी बोथट होते, ते त्याला दाखवायचे असायचे. व्ही. शांताराम आणि फत्तेलाल यांच्याइतकेच किंवा काकणभर अधिक प्रेम त्याचे विष्णुपंत दामल्यांवर होते, कारण 'संत तुकाराम'चे एक दिग्दर्शक म्हणून जगाला ठाऊक असलेले दामले मुळात प्रभातचा ध्वनिविभाग सांभाळत. "मावशी, आमच्या धंद्यातला माणूस," असे तो अभिमानाने म्हणे. प्रभातमध्ये नट, चित्रकार, सुतार, तंत्रज्ञ सगळे महिन्याच्या पगारावर असत. स्टुडिओ त्यांचा आणि कॅमेरे त्यांचे होते, आणि १९३४ पासून पुण्यात चित्रपटगृहही त्यांच्याच हाती होते, कारण किब्यांचे थिएटर त्यांनी चालवायला घेतले आणि पुढे सारे पुणे त्याला प्रभात टॉकीज म्हणू लागले. बनवणारा आणि दाखवणारा एकच असला, की काय होते याची अमेरिकेला एवढी धास्ती वाटली, की १९४८ साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर बड्या स्टुडिओंना आपापली चित्रपटगृहे सोडून द्यावी लागली. ते बंधन २०२० मध्ये उठवले गेले. तोपर्यंत त्याला फारसा अर्थही उरला नव्हता, कारण मालिका बनवणारी कंपनी आता थेट आपल्या बैठकीच्या खोलीतल्या भिंतीवर येऊन बसली आहे, आणि तिच्या थिएटरचा डोअरकीपरही तीच आहे. पाट्या कधी कोपऱ्यात सरकवायच्या, हे तोच ठरवतो.

जुन्या पाट्यांविषयी मात्र मला फार गळा काढता येत नाही. पंधरा-वीस नावांत त्या आटोपत. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'च्या वेळी, म्हणजे १९१३ च्या सुमारास, सरस्वतीबाई फिल्मला छिद्रे पाडत, उन्हात पांढऱ्या चादरी धरून उजेड परतवत आणि सबंध कंपनीचा स्वयंपाकही करत. या कामांची पाटी त्या काळी पडत नसे. प्रभातच्या सुतारांची आणि दिवे धरणाऱ्या पोरांचीही पडत नसे. आजच्या मालिकेच्या अखेरीस ड्रायव्हर, स्पॉटदादा, जेवण पुरवणारा, हिशेबनीस, सगळ्यांची नावे असतात. माणसांची इतकी नावे याआधी कधी लिहिली गेली नव्हती, आणि ती इतकी कमी कधी वाचली गेली नव्हती. सुरुवातीच्या पाट्या वगळण्याचे बटण नेटफ्लिक्सने २०१७ मध्ये आणले, आणि ते दिवसाला तेरा कोटींहून अधिक वेळा दाबले जाते, असे पाच वर्षांनी त्यांनीच कौतुकाने जाहीर केले. त्यात माझीही दाबणी आहे. रात्री साडेदहाला स्वयंपाकघर आवरून बसलेल्या बाईला आठव्यांदा तेच शीर्षकसंगीत ऐकायचे नसते, आणि वडील असते तरी मी ते बटण दाबलेच असते. फक्त त्यांच्याकडे न बघता.

भाच्याचे काम मी एकदा प्रत्यक्ष पाहिले आहे. वाईजवळच्या एका वाड्यात चित्रीकरण होते आणि त्याने मला चोरून आत घेतले होते. माजघरातला प्रसंग चालला होता. तीन नट, दोन कॅमेरे, आणि चित्राच्या चौकटीबाहेर अवघडून उभी असलेली तीस-पस्तीस माणसे. प्रसंग झाला, दिग्दर्शक समाधानाने मान हलवून पाणी प्यायला वळले, आणि तेव्हा माझा हा सव्वीस वर्षांचा भाचा मोठ्याने म्हणाला, "रूम टोन! कोणी हलू नका." सगळे जिथल्या तिथे थांबले. मुख्य नटाच्या हातात चहाचा कागदी पेला अर्ध्यावर राहिला. मेकअपवाली मुलगी एका पायावर होती, ती तशीच राहिली. अर्धा मिनिट फक्त त्या खोलीचा आवाज मुद्रित होत होता. कोणी काही न बोलताना प्रत्येक खोली वेगळी वाजते, हे मला तोवर ठाऊक नव्हते. तुळईत कुठेतरी लाकूड कुरकुरत होते, परसात पाणी ठिबकत होते, लांबच्या रस्त्यावर एसटीने गिअर बदलला. संवादांचे तुकडे जोडताना मधल्या फटी या आवाजाने लिंपतात, नाहीतर ऐकणाऱ्याला खड्ड्यात पाय पडल्यासारखे वाटते, असे त्याने मला नंतर समजावले. पस्तीस माणसांना अर्धा मिनिट गप्प उभे करण्याचा अधिकार त्या वाड्यात फक्त त्याच्याकडे होता, आणि बूम, म्हणजे लांब दांडीचा माइक, खांद्यावर घेऊन डोळे मिटून ऐकणाऱ्या त्याच्या चेहऱ्यात मला एकदम छापखान्यातले वडील दिसले.

हे काम त्याला ओटीटीमुळेच मिळाले, हेही लिहिले पाहिजे. त्याआधी त्याने दोन मराठी चित्रपट केले होते. पहिल्याचे पैसे अर्धे मिळाले आणि दुसऱ्याचा निर्माता फोन उचलायचा बंद झाला. नेटफ्लिक्स आणि प्राइम व्हिडिओ भारतात आले ते २०१६ साली, त्याच वर्षी जिओने डेटा स्वस्त करून टाकला, आणि २०२० च्या टाळेबंदीत चित्रपटगृहे बंद असताना मोठे चित्रपटही थेट घरात येऊ लागले. त्या लाटेत भाच्यासारख्या शेकडो तंत्रज्ञांच्या तारखा भरल्या. करार कागदावर येतो, पैसे खात्यात येतात, संवादांचा आवाज किती डेसिबलवर असावा याचेसुद्धा लेखी नियम असतात. गल्ल्याची चिंता नसल्याने विषयांनाही मोकळीक मिळाली. मात्र करारात एक ओळ अशी असते, की केलेल्या कामावर पुढे कुठलाही हक्क उरत नाही. कॉपीराइट कायद्याच्या २०१२ च्या दुरुस्तीनंतर आपल्याकडे गीतकार-संगीतकारांना स्वामित्वधनाचा हक्क मिळाला, ध्वनिमुद्रकाला असे काही नाही. हॉलिवूडमधल्या लेखकांनी २०२३ मध्ये १४८ दिवस आणि नटांनी ११८ दिवस संप केला, तो बराचसा याच प्रश्नावर होता. टीव्हीवर मालिका पुन्हा लागली की पूर्वी त्यांच्या घरी चेक यायचा. ओटीटीवर ती जगभर कितीही वेळा पाहिली गेली तरी रक्कम ठरलेली आणि तुटपुंजी असे, आणि किती जणांनी पाहिले हे तर कंपनी सांगतच नसे. संपानंतर निदान एवढे कबूल झाले, की पहिल्या नव्वद दिवसांत देशातल्या वीस टक्के ग्राहकांएवढा प्रेक्षक मिळाला तर वर बोनस द्यायचा. सातारच्या थिएटरवर 'हाऊसफुल्ल'चा बोर्ड लागला की तो पानवाल्यालाही दिसायचा. भाच्याची मालिका किती जणांनी पाहिली, हे त्याच्या दिग्दर्शकालाही नेमके ठाऊक नाही.

आणि ती किती दिवस राहील, हेही नाही. त्याचे आधीचे एक काम, सहा भागांची छोटी मालिका, करार संपल्यावर एका रात्रीत दिसेनाशी झाली. अर्जाला जोडलेली तिची लिंक उघडली की 'हा कार्यक्रम उपलब्ध नाही' एवढे एक वाक्य येते. यात नवे काहीच नाही, असे म्हणणारेही आहेत. 'राजा हरिश्चंद्र'ची पूर्ण प्रत कुठे उरली आहे? जानेवारी २००३ मध्ये त्या प्रभातच्याच आवारात नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि कितीतरी चित्रपटांच्या मूळ निगेटिव्ह जळाल्या. पण त्या आगीबद्दल लोक हळहळले, चौकश्या झाल्या, तिची तारीख लिहून ठेवली गेली. करार संपून गेलेल्या मालिकेला तारीखही नसते. अमेरिकेत २०२२ साली वॉर्नर या बड्या स्टुडिओने जवळजवळ पूर्ण झालेला 'बॅटगर्ल' हा चित्रपट कुणाला न दाखवताच कपाटात टाकला, कारण तो दाखवण्यापेक्षा तोटा म्हणून करात दाखवणे परवडत होते. त्या चित्रपटातही कुठल्यातरी खोलीत कोणीतरी तीस सेकंद सगळ्यांना गप्प उभे केले असेल.

आईला यातले काही जाचत नाही. तिचे गुडघे गेल्यापासून चित्रपटगृहाचे जिने बंद झाले, आणि ओटीटीने तिला घरबसल्या मल्याळी चित्रपट दाखवले, कोरियन सासवा दाखवल्या. हिंदी उपशीर्षके ती पदर सावरत मोठ्याने वाचते. एखाद्या केरळी स्वयंपाकघरात कढईत मोहरी तडतडली, की ती आपल्या हाताने रिमोट दाबून चित्र थांबवते आणि 'हे बघ, ह्यांच्यातही कढीपत्ता शेवटी' म्हणून मला हाक मारते. सातारच्या बाल्कनीत बसून तिला चित्र थांबवता आले नसते. मध्यंतर नसते एवढी तिची एकच तक्रार आहे, आणि ती ते स्वतः घेते, चहाच्या वेळी.

दिवाळीत भाचा चार दिवस आला. पाडव्याच्या रात्री फराळाची ताटे बाजूला सरकवून त्याने तोच आठवा भाग पुन्हा लावला, शेवटच्या चार मिनिटांपासून. या वेळी आम्ही पाचच जण होतो. रिमोट त्याच्या हातात होता. पडदा काळा झाला, चौकट आकसू लागली, तशी त्याने सवयीने एक कळ दाबली आणि ती पुन्हा भिंतभर पसरली. अशी कळ असते हे आमच्यापैकी कुणालाच माहीत नव्हते. नावे हळूहळू वर सरकू लागली. दिग्दर्शक, छायाचित्रण, मग तो चौघांचा घोळका आणि त्यात ते एक 'ए' गळलेले आडनाव. आईने विचारले, की हे मराठीत लिहिले असते तर 'साहाय्यक' लिहिले असते की 'सहाय्यक'. ताई हसली आणि मग एकदम गप्प झाली. नावांमागून नावे आली. सुतार, रंगारी, वाईतला वाडा देणारे, आणि अगदी शेवटी दुसऱ्या भाषांत आवाज देणाऱ्यांच्या पाट्या. कुठल्यातरी परक्या देशातल्या एका बाईने आपल्या मराठी आत्याबाईंचे बोलणे स्वतःच्या भाषेत बोलून ठेवले होते. आम्ही तिचे नाव वाचायचा प्रयत्न केला आणि उच्चारावरून वाद घातला. भाचा त्यात पडला नाही. तो पडद्याकडे बघतही नव्हता. मान थोडी खाली घालून, बोट ओठांवर ठेवून बसला होता. तेव्हा माझ्या लक्षात आले, की या पाट्यांना संगीत नव्हते. फोनवर त्याने काय विचारले होते, ते मला आठवले.

मीही डोळे मिटले. वाद थांबला. तुळई कुरकुरली. लांबवर, अगदी ऐकू येईल न येईल असा, एसटीने गिअर बदलला. मध्येच पाणी ठिबकत होते, थेंबाथेंबाने.

"मोरीतला नळ कोणी नीट बंद केला नाही वाटतं," आई म्हणाली, आणि गुडघ्यावर हात ठेवून उठू लागली.